गरम वरणभात आणि प्लॅस्टिकचा डबा

शाळेच्या रिक्षावाल्या काकांचा हॉर्न वाजला की घरात कोणाचंच डोकं जागेवर राहत नाही. कुकर आत्ताच उतरलेला, भाताची वाफ बसलेली नाही, वरण चटका बसेल इतकं गरम. तेच मुलीच्या लाडक्या गुलाबी डब्यात जातं, वर झाकण दाबून बसतं आणि डबा दप्तरात. त्या घाईत प्लॅस्टिकचा विचार कोणाच्या मनात येणार? एक मोजा सापडत नसतो, डायरीवर सही राहिलेली असते.

हे आपल्या सगळ्यांच्याच घरी चालतं, म्हणून आज यावर जरा बोलू या.

गेल्या काही वर्षांत मायक्रोप्लॅस्टिक हा शब्द सारखा कानावर येतोय. पालकांच्या ग्रुपवर दर थोड्या दिवसांनी काहीतरी येऊन पडतं. रक्तात प्लॅस्टिक सापडलं, आईच्या दुधात सापडलं, बाळाच्या वारेत सापडलं. रात्री सगळं आवरून अंथरुणावर पडल्यावर आपण ते वाचतो. छातीत धस्स होतं. शेजारी झोपलेल्या लेकराच्या अंगावर पांघरूण सारखं करतो आणि फोन उलटा ठेवतो. सकाळी पुन्हा तोच डबा भरतो, कारण नेमकं काय करायचं हे त्या मेसेजमध्ये कुठेच लिहिलेलं नसतं.

मी शास्त्रज्ञ नाही, दोन मुलांची आई आहे. धास्ती वाटली म्हणून वाचत गेले आणि वाचता वाचता एक गोष्ट लक्षात आली, ती तुमच्या कानावर घालावीशी वाटते. प्लॅस्टिकचे हे बारीक कण हवेत आहेत, पाण्यात आहेत, मिठात आहेत. ते सगळे काही आपण अडवू शकत नाही. पण प्लॅस्टिक तापलं की त्यातून हे कण कितीतरी जास्त सुटतात, आणि ते तापतं बहुतेक वेळा आपल्याच ओट्यावर. तेवढ्या एका जागी लक्ष दिलं तरी मुलांच्या तोंडी जाणारं बरंच काही टळू शकतं.

हे कण म्हणजे काय, ते आधी थोडक्यात सांगते. ५ मिलिमीटरपेक्षा लहान प्लॅस्टिकच्या तुकड्यांना मायक्रोप्लॅस्टिक म्हणतात. इंग्लंडमधल्या प्लिमथ विद्यापीठाचे रिचर्ड थॉम्पसन यांनी २००४ मध्ये समुद्रातल्या अशा कणांबद्दल लिहिलं आणि तेव्हापासून हे नाव रूढ झालं. प्लॅस्टिक पालापाचोळ्यासारखं कुजत नाही. उन्हाने ठिसूळ होतं, लाटांनी, घासण्याने, वापराने तुटत जातं. बारीक होतं, पण संपत नाही. काही कण डोळ्यांना दिसतात, बहुतेक दिसतच नाहीत.

आता तान्ह्या बाळाच्या बाटलीबद्दल बोलते. तिथले आकडे ऐकून घाबरायला होतं, पण उपाय अगदी हाताशी आहे.

डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजमधल्या संशोधकांचा एक अभ्यास २०२० मध्ये ‘नेचर फूड’मध्ये छापून आला. बाजारात सर्रास मिळणाऱ्या पॉलिप्रॉपिलीनच्या बाटल्या त्यांनी घेतल्या. आपण घरी करतो तेच केलं: बाटली निर्जंतुक केली, गरम पाणी घातलं, हलवली आणि मग ते पाणी तपासलं. एका लिटरमागे १ कोटी ६० लाखांपर्यंत कण निघाले. त्यांनी पाण्याचं तापमानही बदलून पाहिलं. २५ अंशांच्या पाण्यात लिटरमागे साधारण ६ लाख कण होते, ९५ अंशांच्या पाण्यात साडेपाच कोटी. एवढा फरक फक्त उष्णतेमुळे पडला.

हे वाचून कोणत्याही आईच्या पोटात गोळा येईल. रात्री दोनला डोळे उघडत नसताना, बाळ रडून लाल झालेलं असताना आपण पावडर घातली, गरम पाणी ओतलं आणि बाटली खळखळा हलवली. बाळाचं पोट भरावं एवढाच त्यामागे हेतू. त्याबद्दल कोणीही मनाला लावून घेऊ नये. पालकांना घाबरवायचं नाही, असं त्या संशोधकांनीही सांगितलं होतं.

त्यांनी सुचवलेली पद्धत अशी. बाटली नेहमीसारखी निर्जंतुक करा. मग स्टीलच्या भांड्यात उकळून गार करून ठेवलेल्या पाण्याने बाटली तीनदा विसळून घ्या. दूध बाटलीत न कालवता काचेच्या किंवा स्टीलच्या भांड्यात कालवा. तिथेच ते पिण्याइतकं कोमट होऊ द्या आणि मग बाटलीत ओता. जोरजोरात हलवू नका. मात्र पावडर कालवायचं पाणी गरमच हवं. जंतू मरावेत म्हणून ते ७० अंशांच्या खाली नसावं, असं जागतिक आरोग्य संघटना सांगते. म्हणजे गरम पाण्याला पर्याय नाही, फक्त ते प्लॅस्टिकमध्ये ओतायचं नाही.

काचेची बाटली घ्यावी का? घरात मोठं भावंड पळापळ करत असेल तर काचेची भीती वाटते, ते साहजिक आहे. स्टीलच्या बाटल्याही आता मिळतात. आणि आपल्याकडे वाटी-चमचा होताच की. माझ्या सासूबाईंनी धाकटीसाठी माळ्यावरून बोंडलं काढलं, तेव्हा घरातल्या सगळ्यांना ते जुनाट वाटलं होतं. पण बालरोगतज्ज्ञही बाटलीपेक्षा वाटी-चमच्याकडेच झुकतात, कारण बाटलीची बुचं नीट स्वच्छ होत नाहीत आणि बाळाचं पोट बिघडतं. आपल्या देशात तर १९९२ च्या कायद्याने दुधाच्या बाटल्यांची जाहिरात करायलाही मनाई आहे.

घरी सगळं नीट केलं, तरी बाळ दिवसभर पाळणाघरात असतं. तिथे काकूंकडे बरीच मुलं, एक गॅस, एक मायक्रोवेव्ह आणि चार वाजता सगळ्यांनाच एकदम भूक. बाटली तशीच मायक्रोवेव्हमध्ये जाते. हे काकूंना कसं सांगायचं, याचं मला फार दडपण होतं. आपलं मूल ज्यांच्या मांडीवर झोपतं, त्यांना चूक दाखवल्यासारखं वाटायला नको.

लेख पाठवून, आकडे ऐकवून हे साधत नाही. मी झाकणाचं एक छोटं स्टीलचं पातेलं बाळाचं नाव घालून पिशवीत ठेवलं आणि विचारलं, “काकू, हिचं दूध यात गरम करून मग बाटलीत ओताल का? जमेल ना तुम्हाला?” काकू म्हणाल्या, “एवढंच ना?” थोड्या दिवसांनी तिथल्या आणखी दोघा-तिघांच्या पिशवीतही तसं पातेलं दिसू लागलं.

मायक्रोवेव्हचा विषय निघालाच आहे तर एका बाबाची गोष्ट सांगते. अमेरिकेतल्या नेब्रास्का विद्यापीठात काझी अलबाब हुसेन हा संशोधक प्लॅस्टिकवर काम करत होता. २०२१ मध्ये तो स्वतः बाबा झाला आणि त्याच वर्षी त्यांच्या गटाने बाळांच्या खाण्याचे डबे आणि पाऊच तपासायला घेतले. २०२३ मध्ये निष्कर्ष आले. काही डब्यांतून तीन मिनिटं मायक्रोवेव्हमध्ये तापवल्यावर दर चौरस सेंटिमीटरमागे ४२ लाखांपर्यंत मायक्रोप्लॅस्टिकचे कण आणि त्याहूनही सूक्ष्म असे २०० कोटींच्या वर नॅनोकण सुटले. आपल्या बाळाला भरवता भरवता त्याच्या मनात जे आलं असेल, ते आपल्याला वेगळं समजावून सांगायची गरज नाही.

डब्यावर ‘मायक्रोवेव्ह-सेफ’ लिहिलेलं असतं ना, असं आपण म्हणतो. मलाही तेच वाटायचं. डबा वितळणार नाही, वाकडा होणार नाही, ठरवून दिलेल्या मर्यादेबाहेर रसायनं अन्नात उतरणार नाहीत, एवढीच ती हमी असते. कण सुटणार नाहीत, असं त्यात कुठे म्हटलेलं नसतं. ‘बीपीए-फ्री’चंही तसंच आहे. एक विशिष्ट रसायन त्यात नाही, एवढाच त्याचा अर्थ. म्हणून उरलेली खिचडी तापवायची तर काचेच्या बोलमध्ये किंवा सरळ गॅसवर कढईत. मायक्रोवेव्ह वाईट नाही, त्यात प्लॅस्टिक घालू नका, इतकंच माझं म्हणणं.

आता पुन्हा शाळेच्या डब्याकडे येते. घरातला सगळ्यात जुना प्लॅस्टिकचा डबा एकदा खिडकीशी नेऊन तिरप्या उजेडात धरून बघा. तळाशी हळदीचा पिवळा डाग असतो, कितीही घासला तरी जात नाही. कडेला जिथे चमचा टेकतो तिथे एक रेघ खणली गेलेली असते. घासणीच्या बारीक बारीक ओरखड्यांनी मूळची चकाकी गेलेली असते आणि बोट फिरवलं तर खरखरीत लागतं. नवा होता तेव्हा तो गुळगुळीत होता. जे झिजलं ते कुठेतरी गेलंच आहे. काही मोरीतून वाहून, काही भाजीबरोबर.

असा डबा पहिल्यांदा बाजूला काढावा. हॉटेलच्या पार्सलबरोबर येणारे पातळ डबे आपण धुऊन एकात एक घालून ठेवतो, तेही. टाकून द्यायला जीव होत नाही, आणि टाकूही नयेत. त्यात खडू, बटणं, खेळण्यांचे सुटे भाग ठेवावेत. गरम, तेलकट, आंबट पदार्थ मात्र त्यात घालू नयेत.

आणि मग स्टीलचा डबा काढला की मुलं रुसतात. हा भाग मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो, कारण इथे आपण घाई करतो.

मुलीला तो गुलाबी डबा नुसता भांडं म्हणून प्रिय नसतो. मधल्या सुट्टीत सगळ्या मैत्रिणी डबे ओळीने मांडतात, कोणाच्या डब्यावर कोणतं चित्र यावर गप्पा होतात. तिथे आपला स्टीलचा डबा ठणकन वाजतो आणि कोणीतरी म्हणतं, “हा काय आजीचा डबा!” सहा-सात वर्षांच्या जिवाला ते किती लागतं, हे आपण मोठे विसरून जातो. “तुझ्या भल्यासाठीच आहे” म्हटलं की आपलं बोलणं संपतं, तिचं रुसणं काही संपत नाही.

दुसरी अडचण याहून साधी असते आणि मुलं ती सांगत नाहीत. स्टीलचं घट्ट झाकण त्यांना उघडत नाही. बाईंना सांगायची लाज वाटते आणि डबा भरलेला परत येतो. आपण समजतो, भाजी आवडली नाही.

भांड्यांच्या दुकानात मुलालाच घेऊन जावं आणि डबा त्यालाच निवडू द्यावा. चार-पाच डबे स्वतः उघडून-लावून पाहू द्यावेत. मग दुकानदाराकडून त्यावर नाव घालून घ्यावं. ते मशीन टिकटिक करत आपलं नाव कोरतंय हे बघताना मुलांचा चेहरा फुलतो. आपल्या आज्यांच्या भांड्यांवर जसं नाव आणि तारीख असायची, तसं हे त्यांचं पहिलं स्वतःचं भांडं. डब्याच्या पिशवीवर हवं ते कार्टून असू दे. बाहेरून प्लॅस्टिकचे, आतून स्टीलचे डबेही मिळतात, त्याने काम भागत असेल तर तेही उत्तम.

एखाद्याला स्टील नकोच असेल, तर हट्टाला पेटू नका. पोळी-भाजी आधी गार करून मग प्लॅस्टिकच्या डब्यात घातली, तरी गरमच कोंबण्यापेक्षा कितीतरी बरं. भात ताटलीत पसरला आणि पंखा लावला, भाजीचं पातेलं पाण्याच्या परातीत ठेवलं की वेणी होईपर्यंत गार होतं. तेवढी मिनिटं सकाळी कुठून काढायची, हा प्रश्न खरा आहे. आमच्याकडे हे काम मुलांच्या बाबांकडे आहे. अशा सगळ्या काळज्या आपोआप आईच्या डोक्यावर येऊन बसतात, त्या आधी वाटून घ्या असं मी आग्रहाने सांगेन.

बाहेर खाताना-पिताना तर उष्णता आणि प्लॅस्टिक जागोजागी भेटतात. कागदी कप हा कागदाचा आहे, असं आपल्याला वाटतं. त्याच्या आतून प्लॅस्टिकचा पातळ पापुद्रा असतो, म्हणून तर चहा झिरपत नाही. आयआयटी खरगपूरच्या संशोधकांनी अशा कपांत ८५ ते ९० अंशांचं पाणी पंधरा मिनिटं ठेवून पाहिलं. १०० मिलिलिटर पाण्यात सुमारे २५ हजार कण उतरले. स्टेशनवर मुलांना गरम दूध किंवा सूप घेऊन देताना हे आठवतं. प्रवासाच्या पिशवीत एक स्टीलचा पेला टाकला की झालं.

आणि इडलीबरोबरचं सांबार! उकळतं सांबार पातळ पिशवीत ओतून गाठ मारून देतात, घरी येईपर्यंत ती पिशवी फुगून टुम्म झालेली असते. कोपऱ्यावरच्या हॉटेलात जाताना किटली किंवा डबा न्यायचा संकोच वाटतो, पण पूर्वी सगळे तसंच न्यायचे. हॉटेलवाले सहसा नाही म्हणत नाहीत.

पाण्याबद्दल फार लांबण लावत नाही. बाटलीबंद पाणी म्हणजे जास्त शुद्ध, अशी आपली समजूत असते. २०२४ मध्ये कोलंबिया विद्यापीठाच्या संशोधकांना अमेरिकेत विकल्या जाणाऱ्या बाटलीबंद पाण्यात लिटरमागे सरासरी २ लाख ४० हजार कण सापडले, बहुतेक नॅनो आकाराचे. उलट चीनमध्ये ग्वांगझूच्या संशोधकांना असं आढळलं की जड पाणी पाच मिनिटं उकळून गाळलं तर ९० टक्क्यांपर्यंत कण निघून जातात, कारण तळाशी बसणाऱ्या क्षारांत ते अडकतात. हलक्या पाण्यात इतका फरक पडत नाही. ज्यांच्याकडे बोअरचं पाणी आहे आणि पातेल्याला पांढरा थर बसतो, त्यांनी पाणी उकळून-गाळून पिण्याची सवय मुळीच सोडू नये.

आता ज्या बातमीने आयांना सगळ्यात जास्त रडवलं, तिच्याबद्दल. २०२१ मध्ये इटलीत सहा बाळंतिणींच्या वारा तपासल्या, त्यांपैकी चार वारांमध्ये मायक्रोप्लॅस्टिक सापडलं. २०२२ मध्ये तिथेच ३४ आयांचं दूध तपासलं, २६ जणींच्या दुधात सापडलं. माझ्या ओळखीत एका नव्या आईने हे वाचून अंगावर पाजणं बंद करायचं मनात आणलं होतं. तिचे डोळे रडून सुजले होते. आपल्याच शरीरातून बाळाला काही वाईट जातंय, ही कल्पना किती भयंकर असते.

तिला जे सांगितलं तेच तुम्हाला सांगते. अंगावरच्या दुधाचे फायदे या धोक्यापेक्षा कितीतरी मोठे आहेत, असं तो अभ्यास करणाऱ्यांनीच लिहिलंय. आणि त्या दुधाऐवजी काय देणार? पावडरचं दूध, गरम पाणी, प्लॅस्टिकची बाटली. बिनघोर पाजा.

मग या कणांनी होतं काय? इथे आपण पालक दोन टोकांना जातो. काही जण म्हणतात, सगळीकडेच आहे, काय फरक पडतो. काही जणांची झोप उडते. ‘आपण आठवड्याला एक क्रेडिट कार्ड एवढं प्लॅस्टिक खातो’ हा मेसेज तुम्हालाही आला असेल. तो अंदाज २०१९ चा. पुढे इतर अभ्यासकांनी हिशेब तपासला तेव्हा तो प्रचंड फुगलेला निघाला. जागतिक आरोग्य संघटनेनेही २०१९ च्या अहवालात म्हटलंय की १५० मायक्रॉनपेक्षा मोठे कण बहुधा शरीरात शोषले जात नाहीत, शौचावाटे निघून जातात.

काळजी आहे ती त्याहून बारीक कणांची. मार्च २०२४ मध्ये ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’मध्ये इटलीतल्या डॉक्टरांचा अभ्यास आला. मानेच्या रक्तवाहिनीत साचलेला थर शस्त्रक्रियेने काढलेल्या २५७ रुग्णांवर त्यांनी जवळपास तीन वर्षं लक्ष ठेवलं. १५० जणांच्या थरात पॉलिथिलीन होतं. ज्यांच्या थरात प्लॅस्टिक सापडलं त्यांच्यात हृदयविकाराचा झटका, पक्षाघात किंवा मृत्यू यांचा धोका साडेचार पट दिसला. प्लॅस्टिकमुळेच हे घडलं असं यातून सिद्ध होत नाही. पण मुलांचं आयुष्य अजून सगळं पुढे आहे आणि त्यांचं शरीर घडतंय, तेव्हा पुराव्याची वाट न पाहता जे सहज टाळता येतं ते टाळावं, असं मला अगदी मनापासून वाटतं.

हे सगळं आपण बोलत असताना मुलं ऐकत असतात, हे मात्र आपल्या ध्यानात राहत नाही. एका रात्री दिवा मालवल्यावर थोरल्याने विचारलं, “आई, माझ्या पोटात प्लॅस्टिक आहे?” शाळेत त्याने नाकात नळी अडकलेल्या कासवाचा व्हिडिओ पाहिला होता. त्या कासवासारखं आपल्यालाही होईल, या भीतीने तो गप्प गप्प होता.

“छे, काहीतरीच काय!” असं म्हणून झोपवावंसं वाटतं. पण मुलांना खोटं कळतं. मी सांगितलं, “थोडं असेल, सगळ्यांच्याच असतं. बरंचसं शू-शीबरोबर निघून जातं. आणि म्हणून तर आपण दूध पातेल्यात तापवतो.” मग त्याला कासवाबद्दल बोलायचं होतं, ते बराच वेळ बोललो. मुलाला धीर हवा असतो आणि हाताला काहीतरी काम. दुसऱ्या दिवशी त्याने स्वतःहून पाण्याची जुनी बाटली बाजूला काढली. दुकानात मात्र त्याच्या हातात प्लॅस्टिकचं खेळणं दिसलं की लगेच “बघ हं, कासव!” असं आपण म्हणू नये. त्याच्या कोवळ्या मनावर सगळ्या समुद्राचं ओझं कशाला?

समुद्राबद्दल त्याला आणखी सांगायला मला आवडतं, पण भीती न घालता. किनाऱ्यावर भरतीच्या रेषेपाशी बसून वाळू चाळली की निळे, हिरवे, लाल ठिपके दिसतात. मग सांगता येतं की नाल्यातून आलेली पिशवी, दोर, बाटलीचं बूच इथे उन्हात फुटून असं झालं. मे २०२५ मध्ये केरळच्या किनाऱ्याजवळ एमएससी एल्सा ३ हे जहाज बुडालं, तेव्हा कारखान्यात प्लॅस्टिक बनवायला वापरतात ते पांढरे दाणे किनाऱ्यावर वाहून आले. ते मासोळीच्या अंड्यांसारखेच दिसतात, पक्षी आणि मासे फसतात. गोव्यात दोनापावलाच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेच्या संशोधकांनी साळ नदीच्या खाडीतलं पाणी, गाळ, मासे आणि शिंपले तपासले. सगळ्यांत हे कण होते.

समुद्राच्याच पाण्यातून मीठ येतं. २०१८ मध्ये आयआयटी मुंबईच्या दोघा संशोधकांनी बाजारातलं मीठ तपासलं, त्यातही कण सापडले. त्याच अभ्यासात दिलाशाची गोष्टही होती. मिठागरात घ्यायचं पाणी आधी वाळूतून गाळलं, तर वजनाने ८५ टक्क्यांहून जास्त प्लॅस्टिक निघून जातं. हे काम मिठागरवाल्यांचं आणि सरकारचं. आपण घरी महागडं गुलाबी मीठ आणून ते होणार नाही, आणि आयोडीनयुक्त मीठ तर मुलांना हवंच.

घरातल्या धुळीचं मात्र आपल्या हातात आहे. २०२१ मध्ये न्यूयॉर्क विद्यापीठाच्या अभ्यासात मोठ्यांच्या मानाने बाळांच्या शीमध्ये पीईटी प्लॅस्टिक दहापटीहून जास्त आढळलं. तपासलेली बाळं मोजकीच होती, पण कारण पटण्यासारखं आहे. बाळ गालिच्यावर रांगतं, हाताला येईल ते तोंडात घालतं. पॉलिस्टरच्या कपड्यांचे, गालिच्यांचे, मऊ खेळण्यांचे धागे झडून धुळीत मिसळतात. झाडूने ती उडते, ओल्या फडक्याने निघते. खाली अंथरायला जुन्या सुती साड्यांची गोधडी आणि अंगात सुती झबलं, याहून चांगलं काय? वाढदिवसाच्या सजावटीतली चमकी तेवढी टाळा. सुटी प्लॅस्टिकची चमकी विकायला युरोपीय संघाने ऑक्टोबर २०२३ पासून बंदी घातली आहे, आपल्याकडे ती पोरांच्या केसांत आठवडाभर दिसते.

महाराष्ट्रात २०१८ मध्ये प्लॅस्टिकबंदी आली, १ जुलै २०२२ पासून देशभरात एकदाच वापरायच्या कितीतरी वस्तूंवर बंदी आहे. तरी पातळ पिशव्या मिळतातच. त्याचा राग येतो मला. दमलेल्या आईबापांनी डबे बदलत बसायचं आणि बनवणाऱ्यांनी बनवत राहायचं, हे बरोबर नाही. म्हणून थोडं घराबाहेरही बोलायला हवं, आणि त्याची सुरुवात शाळेपासून करता येते.

आमच्या शाळेत स्नेहसंमेलनाच्या तालमींच्या दिवसांत मुलांना मधल्या वेळी गरम दूध देतात, कागदी कपांत. येत्या पालकसभेत मी विचारणार आहे की मुलांनी घरून आपापला पेला आणला तर चालेल का. धुवायचं कोण, हरवले तर काय, हे प्रश्न निघतील. मोठ्या वर्गातली मुलं पेले विसळायला मदत करायला तयार आहेत, हे मी आधीच त्यांना विचारून ठेवलंय. तुमच्या शाळेत गरम काही कशातून देतात, तेही एकदा चौकशी करून बघा.